बुधवारची जोडी

कार्व्हर फॉल्स
९ जानेवारी २०११

मर्ल,

फोनवर माझा आवाज ऐकला की तू रिसीव्हर ठेवून देतोस, म्हणून लिहिते आहे. पत्रही बाजूला टाकता येतं, पण निदान त्याआधी पाकीट फोडावं लागतं.

आधी कामाचं. तुझी लेक नोरीन टिल्डन कॉर्नरमध्ये दारोदार सह्या गोळा करते आहे, हे मला मंगळवारी शाळा समितीत कळलं. मार्चच्या गावसभेत ठराव येणार आहे, की टिल्डनने आपल्या दोन गावांच्या संयुक्त शाळेतून बाहेर पडावं आणि मुलं डोंगरापलीकडे वेल्सबरोला पाठवावीत. अर्जावर पहिली सही तुझी. चौऱ्याऐंशी वर्षांच्या माणसाची सही एवढी ठसठशीत कशी, असं कोणीतरी म्हणालं. मला नवल वाटलं नाही. बारा वर्षं मी ती सही विधेयकांवर पाहिली आहे, बहुतेक वेळा माझ्या विरुद्ध बाजूला.

शाळेत आज एकशे ब्याण्णव मुलं आहेत. त्यातली अठ्ठावन्न तुमची. ती गेली तर उरलेल्यांवर शाळा चालवता येणार नाही, हे समितीने लेखी मान्य केलं आहे. म्हणजे जूनमध्ये कुलूप. कागदाची गिरणी बंद होऊन सहा वर्षं झाली. तिच्यामागोमाग दोन किराणा दुकानं गेली, मग चर्चची शाळा गेली. कार्व्हर फॉल्सला गाव म्हणावं असं आता ही एकच गोष्ट उरली आहे. नोरीन तुझं ऐकते. तू सही मागे घे, अर्ज आपोआप बारगळेल.

समितीवर यंदा एक नवा माणूस आला आहे, तिशीचा, बाहेरून आलेला. बैठकीनंतर विचारतो, "मिसेस डोयॉन, टिल्डनवाल्यांचा तुमच्यावर एवढा राग कशामुळे?"

त्याला सगळं पहिल्यापासून सांगावं लागलं. १९८७ च्या एप्रिलमध्ये राजधानीत, ऑगस्टाला, आपल्या सभागृहात विधेयक आलं होतं: दोन्ही गावांच्या जुन्या शाळा बंद करून एकच नवी बांधायची, आणि ती कार्व्हर फॉल्समध्ये. मी कार्व्हर फॉल्सची प्रतिनिधी, बाजूने. मर्ल थर्लो टिल्डनचे, विरोधात. मतदान बुधवारी, आणि त्याच दिवशी पोर्टलंडच्या इस्पितळात त्यांच्या बायकोचं, इडेलाचं, ऑपरेशन. तेव्हा त्यांनी माझ्याशी जोडी बांधली. म्हणजे काय, म्हणून त्याने विचारलं. म्हटलं, विरुद्ध बाजूच्या दोघांपैकी एकाला गैरहजर राहावं लागलं तर दुसराही आपलं मत देत नाही. दोन्ही मतं एकमेकांत फिटतात, कोणाचं नुकसान होत नाही. कागद लागत नाही, हातावर हात मारला की झालं.

"मग?"

मग मी बुधवारी उभी राहून सभापतींना सांगितलं की प्रतिनिधी थर्लो हजर असते तर त्यांनी विरोधात मत दिलं असतं, मी दिलं असतं तर बाजूने, आणि आमची जोडी आहे. दोन्ही बाजूंना त्र्याहत्तर मतं पडली. समसमान म्हणजे विधेयक पडलं. गुरुवारी सकाळी त्याच विधेयकावर पुन्हा मतदान घ्यायचा, फेरविचाराचा, ठराव आला. त्यावर मी मत दिलं. चौऱ्याहत्तर विरुद्ध त्र्याहत्तर, विधेयक मंजूर.

"म्हणजे तुम्ही शब्द मोडलात," तो म्हणाला.

"जोडी बुधवारच्या मतदानाची होती," मी म्हटलं. "नियमात तसं स्पष्ट आहे. जोडी ज्या मतदानासाठी जाहीर केली त्यापुरतीच असते."

"अच्छा," तो म्हणाला, आणि कोट घालायला लागला.

उत्तर पाठव. दोन ओळी पुरेत.

लॉरेट डोयॉन


२४ जानेवारी

मर्ल,

दोन आठवडे झाले. दोन ओळी आल्या नाहीत.

शनिवारी मी टिल्डनला आले होते. तुझ्या दारात नाही, घाबरू नकोस. ऑरिन डायरच्या दुकानात गेले, कारण तुमच्या गावात कोणाच्या मनात काय आहे हे तिथल्या शेगडीभोवती पाच मिनिटं उभं राहिलं की कळतं. ऑरिन गल्ल्यामागून म्हणाला, "आज शनिवार आहे, मिसेस डोयॉन. तुमचा वार गुरुवार ना?"

शेगडीजवळची मंडळी हसली. त्यातला एक तर त्या वेळी जन्मलाही नसेल. दिलेला शब्द फिरवणाऱ्याला तुमच्याकडे ‘गुरुवारवाला’ म्हणतात हे मला ठाऊक होतं. तोंडावर पहिल्यांदा ऐकलं. मी म्हटलं, "ऑरिन, चोवीस वर्षांत तुला एवढा एकच विनोद सुचला असेल तर टिल्डनला चांगल्या शाळेची गरज होतीच." मग पाव घेतला आणि निघाले. पाव शिळा होता.

तू मला ‘बाई’ म्हणायचास. गाडीत बसले की, "काय बाई, आज गृहपाठ काय?" शाळेत मी लॅटिन आणि इतिहास शिकवला होता याची तुला फार गंमत वाटायची. एक आठवडा तुझी प्लिमथ, एक आठवडा माझी फोर्ड. सोमवारी पहाटे साडेपाचला तू आमच्या वळणावर यायचास, शुक्रवारी परत. दोन पक्षांचे दोन प्रतिनिधी एका गाडीतून येतात हे पाहून ऑगस्टातले लोक पहिल्या वर्षी हसले, दुसऱ्या वर्षी त्यांनी नाद सोडला. वाटेत आपण भांडायचो कशावर, तर बीन्समध्ये काकवी किती घालावी आणि मोहरी घालावी की नाही. कराबद्दल भांडायला सभागृह होतंच.

त्या गुरुवारनंतरच्या सोमवारी तुझी पाळी होती. मी वळणावर वीस मिनिटं उभी राहिले. मग स्वतःची गाडी काढली. त्यानंतर तू सभागृहात माझ्याशी बोललास ते फक्त सभापतींच्या मार्फत, ‘कार्व्हर फॉल्सच्या सन्माननीय सदस्य’ असं म्हणून.

तुझं नुकसान झालं हे मी नाकारत नाही. शाळेचं मतदान सोडून इस्पितळात जाऊन बसला, असं तुझ्याच लोकांनी तुझ्याबद्दल म्हटलं आणि ८८ च्या नोव्हेंबरमध्ये एकसष्ट मतांनी तुला पाडलं. मला वाईट वाटलं होतं. तेव्हा कळवलं नाही, आता कळवते. त्याच डिसेंबरमध्ये माझ्या पक्षाने मला उपनेता केलं, तेव्हा तुमच्याकडे बोललं गेलं की हे गुरुवारचं बक्षीस. तसं नव्हतं. मी सात अधिवेशनं काम केलं होतं. शिक्षण समितीतलं एकही विधेयक न वाचता मी हात वर केलेला नाही. वीस वर्षं मी तिथे होते आणि सभागृहात नियमाची अडचण आली की दोन्ही पक्षांची माणसं माझ्या बाकाकडे वळून बघायची. हे मी कमावलं आहे, मर्ल.

पण तो मुद्दा नाही. मुद्दा शाळेचा आहे. मला जी शिक्षा द्यायची ती दे, मुलांना देऊ नकोस.

लॉरेट


११ फेब्रुवारी

मर्ल,

कालच्या जाहीर सभेत तू मागच्या रांगेत टोपी मांडीवर ठेवून बसला होतास. एक शब्द बोलला नाहीस. मी बोलले, जरा जास्तच बोलले, हे मान्य करते. त्याबद्दल लिहायचं आहे.

नोरीन चांगलं बोलली. तिचा आवाज तुझ्यावर गेला आहे, पण वाक्यं इडेलाची. "मी बस चालवते," ती म्हणाली. "पहिलं पोर सहाला दहा कमी असताना चढतं. हिवाळ्यात तीन महिने मी त्यांना अंधारात घेते आणि अंधारात सोडते. सात वर्षांची मुलं बसमध्ये उलट्या करतात आणि शाळेत पोचेपर्यंत झोपी जातात. वेल्सबरो वीस मिनिटांवर आहे. यात कार्व्हर फॉल्सशी भांडण नाही. घड्याळ बघा."

उत्तर नसताना गप्प बसायचं ही गोष्ट मी वीस वर्षांत शिकले नाही. मी उठून म्हटलं, "मिस थर्लो, भांडण नाही म्हणता आणि तुमच्या गावात पोरांना माझ्या नावाने शिव्या शिकवता. १९८७ ला जे झालं ते नियमाने झालं. तुमच्या वडिलांना विचारा."

ती माझ्याकडे बघत राहिली. रागाने नाही, तेच मला लागलं. म्हणाली, "मिसेस डोयॉन, बाबा त्याबद्दल बोलतच नाहीत. मी लहानपणी विचारलं होतं. म्हणाले, तुझी आई आजारी होती, मी तिच्याजवळ होतो, इकडे मतदान झालं. बास. शिव्या बाकीचे देतात. बाबांच्या तोंडून तुमच्याबद्दल वाईट शब्द मी एकदाही ऐकलेला नाही."

मी खाली बसले. सभा पुढे तासभर चालली, मी काही ऐकलं नाही.

मी इतकी वर्षं धरून चालले होते की तू घरी तरी सगळं सांगितलं असशील. तुझ्या गावाचा राग मी त्याच हिशेबात धरला होता. आता कळतंय की त्यांचा राग फक्त नियमापुरता आहे. त्यांना फक्त सभागृहात काय झालं तेवढंच ठाऊक आहे. त्याच्या आधी, सकाळी साडेसातला काय झालं, हे तू कोणालाच सांगितलेलं नाहीस.

का?

उपकार म्हणून केलं असशील तर मला तो नको होता. शिक्षा म्हणून केलं असशील तर पोचली नाही, कारण मला ठाऊकच नव्हतं.

लॉरेट


२६ फेब्रुवारी

मर्ल,

चार मसुदे फाडले. हा पाचवा. विधेयकांचे मसुदे मी कधी दोनपेक्षा जास्त केले नव्हते.

तुला ठाऊक आहे तेच लिहिते, पण माझ्या बाजूने. ते तुला ठाऊक नाही.

गुरुवारी सकाळी सव्वासातला, विधानभवनाच्या तळघरातल्या त्या उपाहारगृहात मी अंडं खात होते. आमचा पक्षनेता डिक मॅडिगन समोर येऊन बसला. म्हणाला, "लॉरेट, दहा वाजता तुझी शाळा परत येते आहे. त्यांच्याच बाजूचा एक जण फेरविचार मांडतो म्हणालाय, त्याचं एक काम मी केलंय. आपले त्र्याहत्तर पक्के आहेत. चौऱ्याहत्तरावी तू."

मी म्हटलं, "माझी जोडी आहे."

"काल होती. तुला नियम मी सांगू?"

"मर्लला कळवावं लागेल."

"पोर्टलंड इथून तासाभरावर आहे," डिक म्हणाला. "त्याला कळवलंस तर तो दहाला त्याच्या बाकावर असेल आणि आपण पुन्हा त्र्याहत्तर-त्र्याहत्तरला येऊ. नाही, चौऱ्याहत्तर-चौऱ्याहत्तर. एकच." त्याने माझ्या बशीतला टोस्ट उचलला आणि खाल्ला. "गिरणीवाल्यांची साडेतीनशे घरं तुझ्याकडे बघताहेत. बघ बुवा."

मी वर गेले आणि इस्पितळात फोन लावला. हे लिहून ठेवते: तुला सांगण्यासाठीच लावला. नर्स म्हणाली, थांबा, बोलावते. मी थांबले. माझ्या मनात वाक्य तयार होतं. तू आलास आणि मी तोंड उघडायच्या आत म्हणालास, "बाई! झालं ऑपरेशन, निभावलं तिने. आत्ताच डोळे उघडले. मला म्हणते, दाढी कर."

मी म्हटलं, "देवाची कृपा."

तू विचारलंस, "आणि आपलं ते विधेयक? मेलं ना?"

आणि मी म्हटलं, "काल मेलं."

खोटं नव्हतं. ते वाक्य मी चोवीस वर्षं उलटसुलट करून पाहिलं आहे, आणि त्यात खोटा शब्द एकही नाही.

तू म्हणालास, "मग मी शनिवारपर्यंत इथेच थांबतो. जोडी दिलीस, लॉरेट, उपकार झाले. दुसऱ्या कोणावर मी हे टाकलं नसतं." बाराच्या बारा वर्षांत तू मला लॉरेट म्हणालास तो तेवढाच एकदा.

दहा वाजता मी हिरवं बटण दाबलं. आणि हो, उपनेतेपद डिकनेच दिलं. मागच्या महिन्यात मी तुला लिहिलं ते अर्धंच होतं.

आता माझं म्हणणं ऐक. हे मी जाहीरपणे सांगायला तयार आहे. वर्तमानपत्रात लिहून देईन, तू म्हणशील त्या शब्दांत. टिल्डनला कळेल की तू मतदान सोडून बसला नव्हतास, तुला फसवलं गेलं. तुझं नाव स्वच्छ होईल. त्या बदल्यात तू अर्ज मागे घ्यायचा. माझं नाव घे, शाळा ठेव. तोलून पाहिलंस तर सौदा तुझ्या फायद्याचा आहे.

१९ तारखेला गावसभा. त्याआधी कळव.

लॉरेट


५ मार्च

मर्ल,

तुझं पत्र मिळालं. पहिलंच, म्हणून जपून ठेवावंसं वाटलं, आणि मग वाचलं.

‘अर्ज माझा नाही, पोरांच्या आयांचा आहे. त्याच्या बदल्यात काही देण्याघेण्याचा मला अधिकार नाही. तुला बोलायचं असेल तर सभेला येऊन बोल. थर्लो.’

सौदा शब्दाचं तू नावही घेतलं नाहीस. तो किती हलका होता हे तुझ्या पत्राची घडी घालताना मला कळलं. वीस वर्षांची सवय आहे, मर्ल. तिथे कोणी रिकाम्या हाताने खरं बोलत नसे.

येईन.

लॉरेट


२० मार्च

मर्ल,

तू काल तिथेच होतास, तेव्हा सभेचा वृत्तांत तुला देण्याचं कारण नाही. पण शेवटी तू जे म्हणालास त्याला मी काल उत्तर दिलं नाही, आणि उत्तराकडे जायला मला क्रमानेच जावं लागेल. मला दुसरी पद्धत येत नाही.

तुमची गावसभा अजून तुमच्या जुन्या शाळेच्या, अकॅडमीच्याच, हॉलमध्ये भरते हे मी विसरले होते. चोवीस वर्षांत मी त्या इमारतीत पाऊल टाकलं नव्हतं. भिंतीवर शेवटच्या वर्गाचा फोटो आहे, नोरीन दुसऱ्या रांगेत. मी बाहेरच्या माणसांच्या बाकावर बसले. मांडीवर चार पानं आकडे.

ऑरिन डायर अध्यक्षस्थानी. ठराव वाचून झाला तसा मी हात वर केला. ऑरिन म्हणाला, "मिसेस डोयॉन या गावच्या नाहीत. सभेची परवानगी असेल तरच बोलता येईल." मागून कोणीतरी ओरडलं, "त्यांचं भाषण आम्ही रोज पन्नास मिनिटं बसमध्ये बसून ऐकतोय, अजून किती?" सगळे हसले. हसणं चांगलं मोकळं होतं. माझ्या जागी दुसरं कोणी असतं तर मीही हसले असते.

तू उठलास. उठायला तुला वेळ लागला. म्हणालास, "मी सुचवतो की कार्व्हर फॉल्सच्या सन्माननीय सदस्यांना बोलू द्यावं." ऑरिनने विरोध आहे का विचारलं. एकही हात वर झाला नाही. माझ्यासाठी नव्हे, हे मला समजतं.

आकडे मी बाकावरच ठेवले. फोनबद्दल सांगितलं. साडेसात वाजले होते, तू काय विचारलंस, मी काय म्हटलं, दहा वाजता काय केलं. पाच मिनिटंही लागली नसतील. मी शाळेबद्दल काहीच बोलले नाही, हे खाली बसल्यावर ध्यानात आलं. नोरीन माझ्याकडे बघत नव्हती, तुझ्याकडे बघत होती. तू खिडकीबाहेर बघत होतास. मेपलच्या खोडांना रसाच्या बादल्या लावलेल्या, त्या बहुधा मोजत असावास.

मग चिठ्ठ्या पडल्या. एकशे त्रेसष्ट विरुद्ध एकेचाळीस. टिल्डन बाहेर. जूनमध्ये आमची शाळा बंद होईल. जिच्यासाठी मी ते वाक्य बोलले ती शाळा बावीस वर्षं चालली. तुमची अकॅडमी एकशे अकरा.

सभेनंतरच्या जेवणाला मी थांबणार नव्हते. पण दाराशी गर्दी होती, आणि तू हातात बशी घेऊन समोर आलास.

"जेवलीस?"

"नाही."

"जेव. बीन्स बऱ्या आहेत. काकवी जास्त आहे, पण बऱ्या आहेत."

मी म्हटलं, "मर्ल, मी सांगितलं. सगळ्यांच्या समोर. काही न मागता."

"ऐकलं."

"एवढंच?"

तू बशी माझ्या हातात दिलीस. म्हणालास, "मला ते ठाऊकच होतं, बाई. आणि या लोकांना कळून काय होणार? त्यांची पोरं नाहीतरी वेल्सबरोलाच जायची होती. मी पडलो तेव्हा चिडलो होतो, ते दोनचार वर्षांत गेलं. दूध काढायला गाई होत्या, पहाटे उठून चिडायला वेळ कुठे होता."

"मग मी कोणाला सांगायला हवं होतं?"

"इडेलाला," तू म्हणालास.

मग तू हळूच, शेजारच्याला ऐकू जाणार नाही असं बोललास. "तिने डोक्यात घेतलं होतं की तिच्या आजारपणाने शाळा गेली. मी निवडणुकीत पडलो तेही तिच्यामुळे, आणि तुझी-माझी गाडी मोडली तीही तिच्यामुळे. मी फोनचं सांगितलं असतं तर तिला वाटलं असतं, नवरा समजूत काढायला रचून सांगतोय. तुझ्या तोंडून आलं असतं तर तिला पटलं असतं. अकरा वर्षं मी वाट पाहिली. दर नाताळला तुझं कार्ड आलं की वाटायचं, यंदा असेल. मला ती कार्डं दाखवत नसे, शिवणाच्या डब्यात ठेवायची. ती गेल्यावर मी वाचली."

एवढं म्हणून तू खुर्च्या आवरायला गेलास. चौऱ्याऐंशीव्या वर्षी दोन-दोन खुर्च्या एका हातात.

याचं उत्तर द्यायचं आहे.

तुझ्याकडे माझी कार्डं आहेत. तिची माझ्याकडे आहेत, तीही अकरा. या पत्रासोबत पाठवते आहे, ती तुझ्या घरची आहेत. पहिल्या वर्षी तिने लिहिलं, ‘लॉरेट, मी नेमकी त्या आठवड्यात आजारी पडायला नको होते. मर्ल बोलत नाही, पण त्याला शुक्रवारच्या गाडीची सवय होती. माझ्यामुळे तुम्हा दोघांचं बिनसलं, मला क्षमा कर.’ पुढच्या वर्षी तेच, जरा कमी शब्दांत. शेवटच्या वर्षी, अक्षर वाकडंतिकडं झालं होतं तेव्हा, फक्त, ‘अजून वाईट वाटतं.’

पहिलं कार्ड आलं तेव्हा मी खुर्ची ओढून बसले आणि कागद घेतला. लिहायला सुरुवातही केली होती. मग मला वाटलं, हे लिहिलं की ते टिल्डनभर होणार, आणि पुढच्या अधिवेशनात मला उपनेता करतो असं डिक म्हणाला होता. दुसऱ्या वर्षी वाटलं, गेल्या वर्षी लिहिलं नाही तर आता कसं लिहू. त्यानंतर वाटण्याचंही काही उरलं नाही. नाताळच्या आधीच्या आठवड्यात करायच्या कामांत ते एक काम होऊन बसलं.

मी काय लिहीत होते ते तू वाचलं आहेस. तरी ते एकदा माझ्या हाताने पुन्हा लिहिलं पाहिजे, तुझ्या नावाच्या पत्रात, म्हणजे ते कोणी कोणाला लिहिलं याबद्दल माझ्या पश्चात वाद राहणार नाही. अकराही वर्षं शब्द तेच होते:

‘प्रिय इडेला, मनाला लावून घेऊ नकोस. मी तुला केव्हाच क्षमा केली आहे.’

लॉरेट डोयॉन